हार्लेममधलं एक हॉटेल आणि भाताचा वाद

न्यूयॉर्कच्या हार्लेम भागात, वेस्ट ११८व्या रस्त्यावर, २०१३ साली 'द सेसिल' नावाचं हॉटेल सुरू झालं. हॉटेल म्हणजे आपल्या अर्थानं, जेवायची जागा. गंमत म्हणजे ती इमारत पूर्वी खरोखरच राहायचं 'हॉटेल सेसिल' होती आणि तिच्या तळमजल्यावर १९३८ पासून 'मिंटन्स प्लेहाउस' हा जॅझचा क्लब चालायचा. थेलोनियस मंक तिथे पियानो वाजवायचा. बीबॉप नावाची जॅझची शैली घडली ती ज्या मोजक्या ठिकाणी, त्यातलं हे एक.

सेसिलमागची कल्पना अलेक्झांडर स्मॉल्स यांची. हे गृहस्थ मूळचे साउथ कॅरोलायनाचे, आधी ऑपेरा गायक, मग खानसामे. त्यांच्या जोडीला तरुण शेफ जे. जे. जॉन्सन, जो घानामध्ये जाऊन स्वयंपाक करून आला होता. पदार्थ कसले, तर बैलाच्या शेपटीच्या मांसाची डंपलिंग आणि सोबत करी, गंबो, भातावर शेंगदाण्याचा पश्चिम आफ्रिकी पद्धतीचा रस्सा. या जेवणाला ते 'आफ्रो-एशियन-अमेरिकन' म्हणत. २०१४ मध्ये 'एस्क्वायर' मासिकानं या जागेला अमेरिकेतलं त्या वर्षीचं सर्वोत्तम नवं रेस्टॉरंट ठरवलं. पुढे सेसिलचं ते रूप राहिलं नाही, पण दोघांचं 'बिटवीन हार्लेम अँड हेवन' हे पाककृतींचं पुस्तक २०१८ मध्ये आलं आणि जॉन्सननं २०१९ मध्ये हार्लेममध्येच 'फील्डट्रिप' नावाचं फक्त भाताभोवती रचलेलं छोटं हॉटेल काढलं.

आता तुम्ही म्हणाल, रोपांच्या जनुकांवर काम करणाऱ्या मुलीनं हॉटेलावर का लिहावं? तर माझा या विषयाशी संबंध आला तो एका जर्नल क्लबात, आणि तिथे मी साफ तोंडावर पडले म्हणून. ते पुढे सांगते. आधी मेन्यूकडे संशोधकाच्या नजरेनं बघू.

आफ्रिका आणि आशिया एका ताटात, हे वाचल्यावर पहिला विचार येतो 'फ्यूजन' असा. म्हणजे शेफच्या डोक्यातून निघालेली कल्पना, जशी आपल्याकडे चायनीज भेळ. स्मॉल्स यांचं म्हणणं नेमकं उलट आहे. ही भेट स्वयंपाकघरात झालेली नाही, ती आधीच इतिहासात झालेली आहे. आम्ही ती फक्त ताटात वाढतो. हे विधान तपासता येतं. म्हणूनच ते मला जाहिरातीपेक्षा गृहीतकासारखं वाटतं.

माणसांच्या बाबतीत तपासणी सोपी आहे, कारण कागद भरपूर आहेत. ब्रिटिश साम्राज्यातली गुलामगिरी १८३४ मध्ये कायद्यानं संपली, चार वर्षांनी 'अॅप्रेंटिस'च्या नावाखालची सक्तीही संपली, आणि त्याच वर्षी, म्हणजे १८३८ मध्ये, हिंदुस्थानातून करारबद्ध मजुरांची पहिली जहाजं गयानाला पोचली. त्रिनिदादला पहिलं जहाज १८४५ मध्ये लागलं. १९१७ पर्यंत गयानात सुमारे २ लाख ३९ हजार आणि त्रिनिदादमध्ये सुमारे १ लाख ४४ हजार माणसं अशी नेली गेली. क्यूबात १८४७ ते १८७४ या काळात सव्वा लाखाच्या आसपास चिनी मजूर गेले. ज्या उसाच्या मळ्यांवर आफ्रिकेतून आणलेले लोक राबले, तिथेच हे राबायला आले. (मॉरिशसमधले मराठी भाषक हे याच करारपद्धतीचं मुंबई बंदरातून निघालेलं टोक.) तेव्हा जमैकातलं करी घातलेलं बोकडाचं मटण किंवा त्रिनिदादमधली रोटी हे काही कुणाचं फ्यूजन नव्हे.

खुद्द हार्लेमचा पुरावा मिळवणं जास्त अवघड होतं. ते काम विवेक बाल्ड यांनी 'बंगाली हार्लेम' या २०१३ च्या पुस्तकात केलं. ब्रिटिश आगबोटींच्या भट्टीखोलीत काम करणारे सिल्हेट, नोआखालीकडचे खलाशी अमेरिकेच्या बंदरात उतरून गायब होत. १९१७ च्या कायद्यानं आशियातून येण्याची दारं जवळपास बंद झाली होती, त्यामुळे हे लोक लपूनच राहणार. त्यांनी आठवणी लिहिल्या नाहीत, संस्थांचे अहवाल छापले नाहीत. मग त्यांचा इतिहास लिहायचा कशावरून? बाल्ड यांनी जहाजांच्या याद्या, जनगणनेचे तक्ते आणि लग्नाच्या नोंदी धुंडाळल्या. त्यातून दिसलं की यातले बरेच जण हार्लेममध्ये आफ्रिकन-अमेरिकन आणि पोर्तो रिकन बायकांशी लग्न करून राहिले होते. हबीब उल्ला आणि त्यांची पोर्तो रिकन पत्नी व्हिक्टोरिया यांनी १९४०च्या दशकात 'बेंगॉल गार्डन' नावाचं रेस्टॉरंटही चालवलं.

या नोंदींमधली एक गोष्ट संशोधनाच्या तयारीत असलेल्यांनी लक्षात ठेवावी. वंशाच्या रकान्यात या माणसांपुढे कुठे 'गोरा', कुठे 'निग्रो', कुठे 'ईस्ट इंडियन' असं लिहिलेलं सापडतं. माणसं त्याच गटातली, फक्त कारकून वेगळा. नुसता 'इंडियन' असा फिल्टर लावला असता तर निम्मे लोक हातातून निसटले असते. आपण डेटाशीटमधल्या 'अदर' आणि कोऱ्या ओळी किती बेफिकिरीनं उडवतो, हे मला तेव्हा पहिल्यांदा बोचलं.

आता भाताकडे येऊ.

साउथ कॅरोलायनाच्या किनाऱ्यावर सतराव्या शतकाच्या अखेरीपासून भात पिकू लागला आणि अठराव्या शतकात त्या भातावर चार्ल्सटनचे मळेवाले गडगंज झाले. राबणारे हात आफ्रिकन गुलामांचे, हे कुणीच नाकारत नाही. वाद आहे तो डोक्याचा. खाजणात बांध घालायचे, भरती-ओहोटीच्या हिशेबानं गोडं पाणी आत घ्यायचं आणि सोडायचं, उखळीत भात न मोडता सडायचा, हे ज्ञान कुणाचं? इंग्लंडातून आलेल्या मळेवाल्यांनी भाताचं शेत पाहिलेलंही नव्हतं. पीटर वुड यांनी १९७४ मध्ये 'ब्लॅक मेजॉरिटी'त हा मुद्दा मांडला, डॅनियल लिटलफील्ड यांनी १९८१ मध्ये पुढे नेला आणि भूगोलाच्या अभ्यासक ज्यूडिथ कार्नी यांनी २००१ मध्ये 'ब्लॅक राइस' या पुस्तकात तो पूर्ण ताकदीनं उभा केला. पश्चिम आफ्रिकेत भाताची स्वतंत्र जात आहे, ओरायझा ग्लॅबेरिमा. आशियातल्या भाताशी संबंध न येता तिथल्या लोकांनी ती स्वतः माणसाळवली. कार्नी यांच्या मते समुद्र ओलांडून नुसते मजूर गेले नाहीत, भातशेतीची अख्खी पद्धत गेली. गुलामांना 'बिनडोक मनुष्यबळ' समजणाऱ्या इतिहासाला हा मोठा हादरा होता.

आणि मग २००७ मध्ये 'अमेरिकन हिस्टॉरिकल रिव्ह्यू'त एल्टिस, मॉर्गन आणि रिचर्डसन यांचा लेख आला. त्यांच्या हाताशी गुलामांच्या जहाजफेऱ्यांचा प्रचंड डेटाबेस होता, हजारो फेऱ्यांचा. त्यांनी विचारलं: मळेवाल्यांनी भातपट्ट्यातून माणसं मुद्दाम निवडून आणली असती, तर ते फेऱ्यांच्या आकड्यांत दिसायला नको का? त्यांच्या मते ते दिसत नाही. कुठून किती माणसं आली हे वारे, बाजार आणि व्यापाऱ्यांचे संबंध यांनी ठरवलं. कॅरोलायनाच्या गरजेनं नव्हे. त्यावर उलट उत्तरं आली: डेटाबेसमध्ये न आलेल्या फेऱ्यांचं काय? आणि ज्ञान पसरायला सगळे लोक भातपट्ट्यातले असावे लागतात का? बांध कसा घालायचा हे माहीत असलेली दहा माणसं एका मळ्याला पुरत नाहीत का?

मला हा आक्षेप पटतो. पण तिघांनी मोजायचा आग्रह धरला, हेही पटतं. एखादी गोष्ट न्याय्य वाटते म्हणून ती सिद्ध होत नाही. आणि आकड्यांत दिसत नाही म्हणून ती घडलीच नाही, असंही नाही. या दोन वाक्यांच्या मधल्या जागेत बसून काम करावं लागतं, आणि ती जागा फारशी आरामाची नाही.

यात एक पेच आणखी आहे. कॅरोलायनाचा नावाजलेला तांदूळ 'कॅरोलायना गोल्ड', जो जॉन्सननं फील्डट्रिपमध्ये आणला, तो ग्लॅबेरिमा नाहीच. तो ओरायझा सटायव्हा, म्हणजे आशियाई भाताच्या कुळातला. दाणा आशियाचा, राबणारे आफ्रिकेचे, माती अमेरिकेची. सेसिलच्या पाटीवरचे तिन्ही शब्द एका वाटीत, आणि तेही हॉटेल निघण्याच्या दोनअडीचशे वर्षं आधी!

मग आफ्रिकी भाताचा दाणा अटलांटिक ओलांडून गेला की नाही? इथेच माझी फजिती झाली. सुरिनाममध्ये डच मळ्यांवरून पळून जंगलात वसलेल्या लोकांचे वंशज आहेत, त्यांना मरून म्हणतात. त्यांच्यात पिढ्यान् पिढ्या सांगितलं जातं की आज्यांनी केसांत भाताचे दाणे लपवून आणले. टिंडे व्हॅन अँडेल या वनस्पतिशास्त्रज्ञ आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी पारामारिबो शहरातल्या मरून बाजारातून ग्लॅबेरिमाचं बी घेतलं, ते वाढवलं, त्याचा जीनोम वाचला आणि पश्चिम आफ्रिकेतल्या १०९ नमुन्यांशी ताडून पाहिला. जवळजवळ साडेसोळा लाख ठिकाणचे जनुकीय फरक तपासले. सर्वांत जवळचा नातेवाईक निघाला आयव्हरी कोस्टचा. हा पेपर २०१६ मध्ये 'नेचर प्लांट्स'मध्ये छापून आला.

जर्नल क्लबात मी हा पेपर घेतला. वंशवृक्षाची आकृती दाखवली आणि शेवटच्या स्लाइडवर ठोकून दिलं, 'म्हणजे मरून लोकांचे पूर्वज आयव्हरी कोस्टहून आले आणि भात सोबत घेऊन आले.' मागच्या रांगेतून एका सीनियरनं शांतपणे विचारलं, "भात तिथला आहे हे कळलं. माणसं तिथली आहेत हे कशावरून?"

माझ्याकडे उत्तर नव्हतं. लाज अशी की उत्तर पेपरच्या सारांशातच होतं. डचांनी बहुतेक गुलाम घेतले ते घाना, बेनिन आणि मध्य आफ्रिकेतून. मग आयव्हरी कोस्टचा भात आला कसा? कारण जहाजं किनाऱ्यानं जाताना वाटेत शिधा भरून घेत आणि कप्तानांच्या रोजनिशीत त्या खरेदीच्या नोंदी आहेत. म्हणजे एका किनाऱ्यावरची माणसं आणि दुसऱ्या किनाऱ्यावरचा भात एकाच जहाजाच्या पोटात भेटले असण्याची शक्यता आहे. लेखकांनीही 'एक शक्य स्पष्टीकरण' एवढंच म्हटलंय. मी आकृतीच्या सुबकपणावर भाळून दोन वेगवेगळे प्रश्न एकात मिसळले होते. जीनोम दाण्याची वंशावळ सांगतो. दाणा कुणाच्या हातून गेला, हे तो सांगत नाही.

मग केसांतल्या दाण्यांची गोष्ट खोटी ठरते का? मुळीच नाही, पण ती नीट ऐकावी लागते. मी नंतर वाचत गेले तेव्हा कळलं की गोष्टी दोन आहेत. एकीत बाई आफ्रिकेतून जहाजावर चढताना दाणे लपवते. दुसरीत, सारामाका मरून लोकांच्या पान्झा नावाच्या पूर्वज स्त्रीच्या गोष्टीत, ती मळ्यावरच्या शेतातून जंगलात पळताना दाणे केसांत खोवते. दुसऱ्या गोष्टीत समुद्र येतच नाही. जहाजाच्या शिध्यातला भात मळ्यावर रुजला आणि तिथून तो केसांतून जंगलात गेला, असं मानलं तर जीनोम आणि ही गोष्ट यांचं भांडणच उरत नाही. मी मात्र दोन्ही गोष्टी 'लोककथा' या एकाच खोक्यात टाकून मोकळी झाले होते.

घरी आईला हे सगळं फोनवर सांगत होते. तिनं विचारलं, "पण आपल्याकडे आफ्रिकेचं काय आलं?" मी म्हटलं, आज काय केलंयस? तर चवळीची उसळ, ज्वारीची भाकरी आणि भात. चवळी पश्चिम आफ्रिकेत माणसाळलेली. ज्वारी आफ्रिकेची, बाजरीही, दोन्ही आपल्याकडे येऊन साडेतीन-चार हजार वर्षं तरी झाली असावीत. नाचणी पूर्व आफ्रिकेच्या डोंगरांतली. उसळीत पडलेली चिंचसुद्धा मूळची आफ्रिकेची, नाव मात्र अरबांनी दिलेलं, 'हिंदचा खजूर'. आणि चवळी-भात हे साउथ कॅरोलायनाकडचं नववर्षाचं जेवण आहे, त्याला 'हॉपिन जॉन' म्हणतात. आईला ज्वारीचं काही केल्या पटेना. "भाकरी आपलीच," म्हणाली.

जर्नल क्लबनंतर आठवडाभरानं मी माझ्याच प्रकल्पातल्या नमुन्यांची फाइल उघडली. बियाणं कुठून गोळा केलं याचा रकाना प्रत्येक ओळीत भरलेला आहे, अक्षांश-रेखांशासकट. ते कुणाच्या शेतातून, कुणाच्या कणगीतून घेतलं, त्या बाईनं वा बुवानं त्याचं काय नाव सांगितलं, यासाठी रकानाच नाही. गेल्या हंगामात ज्या गावांतून बी आणलं त्यातल्या पाच घरांचे फोन नंबर वहीत मागच्या पानावर लिहिलेले सापडले. परवापासून एकेक लावतेय. दोघींनी उचलला, आणि दोघींनी एकाच बियाण्याची दोन वेगळी नावं सांगितली.