पोवाडा आणि युद्धाचा नकार

दुसऱ्या महायुद्धांत लष्करी सेवा विवेकबुद्धीनें नाकारणारा इंग्रज न्यायासनापुढें उभा राही. हिंदुस्थानांत सक्तीची भरतीच नव्हती. म्हणून येथील नकाराला व्यासपीठ शोधावें लागलें. 17 ऑक्टोबर 1940 रोजीं विनोबांनीं पवनार येथें युद्धविरोधी भाषण केलें आणि पुढें तुरुंगवास पत्करला. उलट, वाळवें तालुक्यांतील वाटेगांवीं जन्मलेल्या अण्णा भाऊ साठे यांनीं 1943 सालीं स्टालिनग्राडच्या लढवय्यांचा पोवाडा रचला. फॅसिझमशीं लढणें हाच त्यांना धर्म वाटला. मग शस्त्र नाकारणाऱ्याचें धैर्य डफावर कसें गावें? याच तालुक्यांतील इस्लामपुरांत 10 सप्टेंबर 1942 रोजीं मोर्च्यावर गोळीबार झाला. तो मोर्चा स्वातंत्र्यासाठीं होता, युद्धनकारासाठीं नव्हे. पण गोळीपुढें निःशस्त्र उभें राहणाऱ्यांनीं एवढें दाखविलें कीं, वीररसाला तलवार लागतेच असें नाहीं.