दीर्घिकांची मोजणी आणि एक पोस्टकार्ड

आमच्या १९८५ च्या तुकडीने दहावीपर्यंतचे सगळे विज्ञान मराठीतून शिकले. "पुढे अडले नाही का?" हा प्रश्न आजही कुणी ना कुणी विचारतेच. स्मरणिकेसाठी लिहायला बसलो, तेव्हा त्या प्रश्नापाशी मला डॉ. जयंत नारळीकर आठवले. २० मे २०२५ रोजी ते गेले.

जन्म १९३८ चा, कोल्हापूरचा. वडील बनारस हिंदू विद्यापीठात गणिताचे प्राध्यापक, त्यामुळे बालपण बनारसला गेले. पुढे केंब्रिजला फ्रेड हॉईल यांचे शिष्यत्व लाभले. त्या काळी मार्टिन राइल रेडिओ-दीर्घिकांची मोजणी करत होते. दूरच्या, अंधूक स्रोतांची संख्या फार जास्त भरते, म्हणून हॉईल यांचे स्थिर विश्व चूक, असा त्यांचा दावा होता. १९६१ साली हॉईल आणि नारळीकर यांनी उत्तर दिले: दीर्घिका सारख्या पसरलेल्या नसून प्रचंड समूहांत असतील आणि मधे पोकळ्या असतील, तर या मोजणीचा अर्थ बदलतो. असे महासमूह आणि पोकळ्या पुढे खरोखरच सापडल्या. मात्र १९६५ मध्ये विश्वभर पसरलेले सूक्ष्मलहरींचे प्रारण सापडले आणि बहुतेक शास्त्रज्ञ महास्फोटाच्या बाजूला गेले. नारळीकर शेवटपर्यंत पर्याय मांडत राहिले; बहुमत त्यांच्या बाजूने कधीच वळले नाही.

१९७२ मध्ये ते मायदेशी परतले, मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत. मराठी विज्ञान परिषदेच्या कथास्पर्धेला त्यांनी 'नारायण विनायक जगताप' या नावाने कथा पाठवली. स्वतःची आद्याक्षरे उलटी केली आणि हस्ताक्षर पत्नीचे. पहिले बक्षीस मिळाले, ते कथेला, नावाला नव्हे. १९८८ मध्ये ते पुण्याच्या आयुकाचे संस्थापक-संचालक झाले. तिथे शाळकरी मुलांसाठी दुसऱ्या शनिवारची व्याख्याने सुरू झाली. मुले स्वाक्षरी मागत, तेव्हा ते सांगत, पोस्टकार्डावर प्रश्न लिहून पाठवा. उत्तराखाली सही मिळेल.

दीर्घिकांना लावलेला मोजणीचा नियम त्यांनी फलज्योतिषालाही लावला. हुशार आणि गतिमंद मुलांच्या कुंडल्या एकत्र करून त्यातल्या ४०-४० ज्योतिषांना ओळखायला दिल्या. २७ जणांनी उत्तरे पाठवली. बरोबर निघाली ४६ टक्के. नाणे उडवले असते तरी निम्मी जुळली असती!

आता मूळ प्रश्नाकडे येतो. भाषेने अडत नाही. प्रश्न विचारायचे थांबले की अडते. आपल्या शाळेत मराठी माध्यमाची एकच तुकडी उरली आहे. मेळाव्याच्या निधीतून संगणक देऊच, पण प्रयोगशाळेबाहेर एक प्रश्नपेटीही ठेवू या. महिन्यातून एकदा आपल्यापैकी कुणीतरी ती उघडावी आणि प्रत्येक चिठ्ठीला, सहीनिशी, मराठीत उत्तर द्यावे. पहिल्या वर्षाची उत्तरे लिहायला मी तयार आहे.