फ्लाइट ऑफ द कॉन्कॉर्ड्स

फ्लाइट ऑफ द कॉन्कॉर्ड्स ही न्यूझीलंडमधील विनोदी गीतकार-गायकांची जोडी आहे. जेमेन क्लेमेंट (जन्म: १० जानेवारी १९७४, मास्टरटन) आणि ब्रेट मॅकेंझी (जन्म: २९ जून १९७६, वेलिंग्टन) यांनी १९९८ मध्ये ती स्थापन केली. गिटारच्या साथीने गायिलेली लोकसंगीताच्या वळणाची गीते आणि चेहऱ्यावरची रेषही न हलू देता केलेला विनोद ही या जोडीची ओळख होय.

पूर्वपीठिका

वेलिंग्टनच्या व्हिक्टोरिया विद्यापीठात शिकत असताना दोघांचा परिचय झाला. पुढे चित्रपट-दिग्दर्शक म्हणून नावारूपास आलेले टाइका वाइटिटी यांच्यासमवेत ते 'सो यू आर अ मॅन' या विनोदी नाट्यसमूहात काम करीत. त्यानंतर दोघांनी स्वतःची गीते रचून रंगमंचावर सादर करण्यास आरंभ केला. आपण देशातील चौथ्या क्रमांकाची लोकप्रिय जोडी आहोत, अशी स्वतःची ओळख ते गंभीरपणे करून देत.

रंगमंच व नभोवाणी

एडिंबरा येथील फ्रिंज महोत्सवातील प्रयोगांमुळे त्यांचे नाव देशाबाहेर पोहोचले. २००३ मध्ये तेथील पेरिए विनोद पुरस्कारासाठी त्यांना नामांकन मिळाले. मायदेशातील दूरचित्रवाणीने त्यांच्या मालिकेचा प्रस्ताव नाकारला होता. मात्र २००५ मध्ये बीबीसी रेडिओ २ने त्यांची श्राव्य मालिका प्रसारित केली.

दूरचित्रवाणी मालिका

जेम्स बॉबिन यांच्या सहकार्याने निर्मिलेली त्यांची मालिका अमेरिकेतील एचबीओ वाहिनीवर २००७ ते २००९ या काळात दोन पर्वांत, एकूण २२ भागांत प्रसारित झाली. न्यूयॉर्कमध्ये नशीब अजमावणारे दोन निर्धन न्यूझीलंडी गायक, त्यांच्या वकिलातीत नोकरी करणारा अकार्यक्षम व्यवस्थापक मरे (राइस डार्बी) आणि एकमेव चाहती मेल (क्रिस्टन शाल) ही तिची मुख्य पात्रे. लहान देशाच्या नागरिकाला परमुलखात सोसावी लागणारी उपेक्षा हा या मालिकेतील विनोदाचा मूळ स्रोत आहे.

पहिल्या पर्वासाठी अनेक वर्षांत साचलेली गीते हाताशी होती. दुसऱ्या पर्वासाठी मात्र प्रत्येक भागाकरिता नवी गीते रचावी लागली. हा भार मोठा असल्याने, मालिका लोकप्रिय असूनही तिसरे पर्व न करण्याचा निर्णय दोघांनी डिसेंबर २००९ मध्ये जाहीर केला.

गीतांची वैशिष्ट्ये

प्रचलित संगीतप्रकाराचा डौल जसाच्या तसा उचलायचा आणि त्यात अगदी क्षुल्लक आशय बसवायचा, ही त्यांच्या विडंबनाची रीत आहे. 'बिझनेस टाइम' या गीतात प्रणयगीताचा आविर्भाव आहे, पण वर्णन आहे ते सरावलेल्या संसाराचे. 'द मोस्ट ब्यूटिफुल गर्ल (इन द रूम)' मध्ये सौंदर्यस्तुती उत्तरोत्तर आखडत जाते. चाल चोख असल्याशिवाय असा विनोद साधत नाही. त्यामुळे ही गीते संगीत म्हणूनही ऐकली जातात.

ध्वनिमुद्रिका व पुरस्कार

'द डिस्टंट फ्यूचर' (२००७) या लघुसंग्रहास २००८ मध्ये सर्वोत्कृष्ट विनोदी संग्रहाचा ग्रॅमी पुरस्कार मिळाला. त्याच वर्षीचा 'फ्लाइट ऑफ द कॉन्कॉर्ड्स' हा संग्रह अमेरिकेच्या बिलबोर्ड २०० यादीत तिसऱ्या स्थानी दाखल झाला. 'आय टोल्ड यू आय वॉज फ्रीकी' हा संग्रह २००९ मध्ये आला.

उत्तरकाळ

मॅकेंझी यांना 'द मपेट्स' या चित्रपटातील 'मॅन ऑर मपेट' या गीतासाठी २०१२ मध्ये ऑस्कर पुरस्कार मिळाला. क्लेमेंट यांनी वाइटिटी यांच्यासह 'व्हॉट वी डू इन द शॅडोज' (२०१४) हा चित्रपट दिग्दर्शित केला. २०१२ मध्ये आजारी मुलांच्या साहाय्यार्थ दोघांनी मुलांच्याच उत्तरांतून गुंफलेले गीत न्यूझीलंडच्या यादीत अग्रस्थानी पोहोचले. २०१८ मध्ये ब्रिटनच्या दौऱ्यासाठी ते पुन्हा एकत्र आले. लंडनमधील प्रयोगाचे चित्रण त्याच वर्षी एचबीओवर प्रसारित झाले.