सुपूर्तनाम्यावर सुटलेली गाडी

तहसील कचेरीच्या किंवा पोलीस ठाण्याच्या आवारात गंजत उभे असलेले ट्रॅक्टर आणि डंपर आपण सर्वांनीच पाहिले आहेत. टायर बसलेले, बॅटरी गेलेली, ट्रॉलीत गवत उगवलेलं. चोरट्या वाळूच्या संशयावरून जप्त झालेल्या अशा गाड्या मालकाला परत द्यायच्या का, आणि दिल्या तर कोणत्या अटीवर, या प्रश्नामागे शंभर वर्षांचा इतिहास आहे. तोच मी आज थोडक्यात सांगणार आहे.

इंग्रजांच्या १८९८ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत, खटला चालू असताना मुद्देमाल कोणाकडे ठेवायचा हे सांगणारं ‘५१६-अ’ कलम १९२३ साली घातलं गेलं. १९७३ च्या संहितेत त्याचं ४५१ झालं. कोर्टापुढे न आलेल्या मालासाठी ४५७ होतं. याच कलमांखाली मॅजिस्ट्रेट बंधपत्र घेऊन गाडी मालकाच्या हवाली करत. कोर्टाच्या बोलीत, ‘सुपूर्तनाम्यावर’ देत.

तरीही माल ठाण्यातच पडून राही. चोरीला गेलेले एका बाईचे दागिने पोलिसांना सापडले, पण ठाण्यातूनच ते पुन्हा नाहीसे झाले. त्यांची किंमत सरकारने भरून द्यावी, असं सर्वोच्च न्यायालयाने १९७७ मध्ये सांगितलं. पुढे गुजरातेत पोलिसांवरच मुद्देमालाच्या अफरातफरीचा आरोप आला. त्या ‘सुंदरभाई अंबालाल देसाई’ प्रकरणात २००२ साली न्यायालयाने बजावलं, की जप्त वाहनं ठाण्यात वर्षानुवर्षं ठेवून काही साधत नाही; पंचनामा करा, फोटो काढा, योग्य ती हमी घ्या आणि गाडी सोडा. दागिन्यांवरून सुरू झालेला हा विचार असा वाळूच्या ट्रॅक्टरपर्यंत पोहोचला.

आता दुसरी बाजू. खनिजांचा केंद्रीय कायदा १९५७ चा. १९९९ च्या दुरुस्तीने बेकायदा उत्खननाबरोबर बेकायदा वाहतूकही त्यात आली, आणि जप्त वाहन सरकारजमा करण्याचा अधिकार न्यायालयाला मिळाला. महाराष्ट्रात १९६६ च्या जमीन महसूल संहितेचं ४८ वं कलमही आहे. त्यातल्या पुढच्या दुरुस्त्यांनुसार जप्त वाहन ४८ तासांत जिल्हाधिकारी किंवा त्यांनी नेमलेल्या उपजिल्हाधिकारी दर्जाच्या अधिकाऱ्यापुढे न्यावं लागतं. दंड भरून, ‘पुन्हा असं करणार नाही’ असा जातमुचलका दिल्यावर ते अधिकारी गाडी सोडू शकतात.

म्हणजे वाटा दोन झाल्या. २०१४ साली सर्वोच्च न्यायालयाने वाळूचोरीसाठी खनिज कायद्याबरोबर दंड संहितेखालीही कारवाई होऊ शकते असा निर्णय दिला. महसूल खात्याचा दंड भरूनही पोलिसांचा गुन्हा उरतो, तो यामुळे.

गाडी सोडणं नेहमीच योग्य, असं मात्र कोणी समजू नये. जंगलचोरीतली वाहनं कारवाई पुरी होईपर्यंत सहसा सोडू नयेत, असं याच न्यायालयाने २००० साली म्हटलं होतं. त्यामागची भीती खरी आहे. सुटलेली गाडी रात्री पुन्हा नदीत उतरली, तर पात्र खरवडलं जातं आणि काठच्या विहिरींचं पाणी खाली जातं. उलट, ज्याने कर्ज काढून ट्रॅक्टर घेतला, त्याचा हप्ता जप्तीमुळे थांबत नाही; आणि तो निर्दोष ठरला तरी हाती भंगारच येतं. मला वाटतं, या दोन नुकसानींमधला तोल अटींनीच सांभाळला जातो: गाडी विकायची नाही, रूप बदलायचं नाही, बोलावल्यावर हजर करायची.

१ जुलै २०२४ पासून नव्या नागरिक सुरक्षा संहितेत जुन्या दोन कलमांची जागा ४९७ आणि ५०३ ने घेतली आहे. कोर्टाने चौदा दिवसांत मालाचं वर्णन करावं, फोटो किंवा चित्रण करून घ्यावं आणि पुढच्या तीस दिवसांत आदेश द्यावा, असं आता कायद्यातच लिहिलं आहे. म्हणून ज्याची गाडी अडकली असेल त्याने आधी विचारावं: जप्ती कोणी केली, आणि कोणत्या कलमाखाली? अर्ज तहसीलच्या वाटेने न्यायचा की कोर्टाच्या, हे त्या कागदावरून ठरतं. आणि गाडी हाती आली तरी खटला उभाच असतो, हे विसरू नये.