लोणारचे विवर : आख्यायिका आणि पुरावा

बुलढाणा जिल्ह्यातील लोणारचे विवर सुमारे १.८ किलोमीटर व्यासाचे. भूमिगत राहणाऱ्या लवणासुराच्या घराचे झाकण विष्णूने पायाने उडवले व त्याचा वध केला, अशी आख्यायिका आहे. सरोवराच्या खारेपणाचा अर्थ ‘लवण’ या नावात, तर वधाची स्मृती गावातील दैत्यसूदन मंदिरात जपली गेली.

१८२३ साली जे. ई. अलेक्झांडर या ब्रिटिश अधिकाऱ्याने विवराची नोंद केली. पुढे दीर्घकाळ ते ज्वालामुखीजन्य मानले गेले. दख्खनचा खडकच लाव्हाचा, त्यामुळे हा तर्क स्वाभाविक होता. १९७३ साली प्रसिद्ध झालेल्या संशोधनात मात्र आघाताच्या प्रचंड दाबाने काचरूप झालेल्या फेल्डस्पारचा, म्हणजे मॅस्केलिनाइटचा, पुरावा पुढे आला. एवढा दाब ज्वालामुखीत निर्माण होत नाही. कारण भूगर्भातून आकाशाकडे सरकले.

असुर आणि अशनी, दोन्ही कोणी पाहिलेले नाहीत. पण अशनीची कल्पना खडकाच्या साक्षीने तपासता येते. असुराची येत नाही. म्हणून आख्यायिकेला विज्ञानाची पूर्वसूचना म्हणून मिरवू नये, आणि भाबडी समजून टाकूनही देऊ नये. एका अनाकलनीय खड्ड्याला मानवी अर्थ देण्याचे तिचे काम तिने चोख केले आहे.