उताराचं वजन

डोंगरदऱ्या पडद्यावर आल्या की आपण त्यांना चटकन ‘निसर्गरम्य’ म्हणतो. आर्मेनियन दिग्दर्शक आर्तावाझ्द पेलेश्यान यांचा १९७५चा कृष्णधवल लघुपट ‘सीझन्स’ पाहताना तो शब्द माझ्या ओठांवर आला नाही.

जेमतेम अर्ध्या तासाच्या या लघुपटात निवेदन नाही. आहेत त्या मोजक्या अक्षरपाट्या आणि विवाल्डीचं संगीत. उतारावरून गवताच्या गंज्या खाली येतात, त्यांना आवरत माणसं धावतात. मेंढपाळ मेंढीला कवटाळून बर्फावरून घसरतो. नदीच्या लोंढ्यातही तिला सोडत नाही. दरीची खोली कळते ती या अंगमेहनतीतून.

पेलेश्यान यांच्या ‘अंतर-संकलना’त नातं असलेली दृश्यं शेजारी न ठेवता दूर ठेवली जातात. माणूस-मेंढीची झटापट प्रथम अपघात वाटते. मधे लग्न, कापणी, कळप येऊन गेल्यावर ती परतते, तेव्हा तो तिथला रिवाज असल्याचं उमगतं. चिंतन घडतं ते या परतण्यात.

मेंढपाळांची नावं लघुपट सांगत नाही, ही उणीव मला खुपते. तरी कळपाची मोजदाद कागदावर उरते. उतारावर पाय रोवणारं शरीर मात्र इथेच सापडतं. ग्रामीण इतिहासाचं साधन म्हणून मी या लघुपटाकडे पाहतो, ते त्यासाठी.