सत्तावन्न नंबरची मादी

घरात दिसणाऱ्या पिटुकल्या उंदराचे आयुष्य ते किती! प्रयोगशाळेत, जिथे मांजर नाही आणि उपासमारही नाही, तिथे दोन-तीन वर्षे. बाहेर बहुतेकांचे वर्षही पुरे होत नाही. मादी विसाव्या दिवसाच्या आसपास विते. पाच-सहा, कधी आठ पिले. लालबुंद, उघडी, डोळे मिटलेली. तीन आठवड्यांत त्यांचे दूध तुटते आणि दीड-दोन महिन्यांत तीच पिले आईबाप व्हायला तयार! आपल्याकडे नातवाचे तोंड पाहायला पन्नाशी यावी लागते. उंदराच्या घरी वर्षात चार पिढ्या सहज होतात.

मी पडलो कवितेचा माणूस, बी.ए.पर्यंत शिकलेला. मला हे आयुष्य तोकडे वाटते. पण आनुवंशिकता शोधणाऱ्याला हा तोकडेपणाच हवा असतो, कारण त्याला खापरपणजीपासून पणतीपर्यंत सारे डोळ्यांदेखत मोजता येते.

अमेरिकेतल्या ग्रॅनबी गावी ॲबी लॅथ्रॉप नावाची बाई होती. जन्म १८६८चा. आधी शाळेत शिकवायची. पुढे कोंबड्या पाळल्या, तो धंदा बसला. मग हौशी लोकांना विकायला तिने उंदीर पाळले. बघता बघता दहा हजारांवर गेले. हार्वर्डचे विल्यम कॅसलही तिच्याकडून उंदीर नेऊ लागले. बाई नुसती विकत नव्हती. कुणाची आई कोण, बाप कोण, हे वहीत टिपत होती. काही उंदरांच्या कातडीवर गाठी दिसल्या, तेव्हा तिने शास्त्रज्ञांना पत्रे लिहिली. लिओ लोएब यांनी तो कर्करोग असल्याचे ओळखले. दोघांनी मिळून निबंध छापले : काही घराण्यांत स्तनांच्या गाठी अधिक होतात, आणि माद्यांची अंडाशये काढली तर त्या कमी होतात. उंदीर वर्ष-दोन वर्षांत म्हातारा होतो, म्हणूनच हे त्यांना काही वर्षांत दिसले. माणसात बघायचे तर दोघांचे आयुष्य पुरले नसते.

बाई १९१८ साली गेली. तिच्याकडून आलेल्या उंदरांतल्या सत्तावन्न नंबरच्या मादीपासून क्लॅरेन्स लिटल यांनी १९२१मध्ये काळ्या उंदरांचे घराणे सुरू केले. २००२मध्ये उंदराचा जनुकीय आराखडा जाहीर झाला, तो याच घराण्याचा. कॅटलॉगमध्ये आजही ‘सी ५७’ छापतात. मादीचा नंबर राहिला. घराण्याच्या नावात बाईचे नाव नाही.